'कोअर्सिबल' वायू म्हणजे नेमका कोणता?

नमस्कार. एकोणिसाव्या शतकातील रसायनशास्त्राचे इंग्रजी किंवा फ्रेंच ग्रंथ चाळताना वायूंच्या वर्णनात 'कोअर्सिबल' हे विशेषण अधूनमधून आढळते. आजच्या पाठ्यपुस्तकांतून ते नाहीसे झाले असल्यामुळे वाचणारा त्याचा अर्थ संदर्भावरून लावू पाहतो, आणि हा 'दाबता येणारा' वायू असावा अशी समजूत करून घेतो. ही समजूत पुरती चुकीची नसली तरी ती दिशाभूल करणारी आहे, कारण दाबता तर प्रत्येकच वायू येतो. ज्या वायूवरील दाब वाढवत नेला असता तो केवळ आकसत न राहता शेवटी द्रवरूप होतो, तो वायू 'कोअर्सिबल'. आणि कितीही दाबला तरी जो वायुरूपच राहतो तो 'इनकोअर्सिबल', म्हणजेच त्या काळच्या दुसऱ्या शब्दांत 'स्थायी' वायू.

या विशेषणाचे मूळ कोंडणे, आवरून धरणे या अर्थाच्या लॅटिन क्रियापदात आहे, आणि वायूशी त्याचा संबंध फार जुना आहे. 'गॅस' ही संज्ञा रूढ करणारे फ्लेमिश रसायनज्ञ व्हान हेल्मोंट यांचे लेखन त्यांच्या मृत्यूनंतर 1648 साली प्रसिद्ध झाले. त्यात त्यांनी गॅसचे वर्णनच असे केले आहे, की तो भांड्यात कोंडता येत नाही आणि त्याला दृश्य रूपही देता येत नाही. त्यांच्या डोळ्यांसमोर प्रामुख्याने जळत्या कोळशातून आणि आंबणाऱ्या रसातून निघणारा वायू होता, म्हणजे आजच्या भाषेत कार्बन डायऑक्साइड. हा तपशील ध्यानात ठेवावा, कारण याच वायूने पुढे दोन शतकांनी या विशेषणाचा निकाल लावला.

1823 साली मायकेल फॅरडे यांनी वाकवलेल्या, दोन्ही टोके बंद केलेल्या काचेच्या नळीच्या एका बाजूला क्लोरिन हायड्रेटचे स्फटिक ठेवून ते तापवले. बाहेर पडणाऱ्या क्लोरिनला जागाच नसल्यामुळे तो स्वतःच्याच दाबाखाली आला, आणि नळीच्या थंड बाजूला पिवळसर, तेलकट दिसणारा द्रव जमला. या नळ्या फुटत असत, आणि काचांचे तुकडे फॅरडे यांच्या डोळ्यांतही गेले होते. त्यानंतर सल्फर डायऑक्साइड, अमोनिया, कार्बन डायऑक्साइड असे एकेक वायू 'कोअर्सिबल' ठरत गेले. 1845 च्या सुमारास घन कार्बन डायऑक्साइड आणि ईथर यांच्या मिश्रणाने बरीच थंडी निर्माण करूनही फॅरडे यांना ऑक्सिजन, नायट्रोजन, हायड्रोजन, कार्बन मोनॉक्साइड, नायट्रिक ऑक्साइड आणि मिथेन या सहा वायूंचे द्रव करता आले नाहीत. पुढची काही दशके 'इनकोअर्सिबल' म्हटले की मुख्यतः हेच सहा वायू अभिप्रेत असत.

याच काळात जे झाले ते मला या कथेतील सर्वांत बोलके वाटते. दाब अपुरा पडतो आहे, असाच बहुतेकांचा ग्रह होता. एमे नावाच्या फ्रेंच संशोधकाने वायू भरलेली पात्रे खोल समुद्रात सोडून पाण्याच्या भाराचा उपयोग करून पाहिला, तर व्हिएन्नात नॅटरर यांनी पंपाच्या साहाय्याने दाब दोन हजार वातावरणांच्याही (एक वातावरण म्हणजे समुद्रसपाटीवरील हवेचा दाब) पुढे नेला. वायूंचे आकारमान कमी कमी होत गेले, पण द्रवाचा एक थेंबही दिसला नाही.

वास्तविक या कोड्याचा धागा 1822 सालीच एका फ्रेंच माणसाच्या हाती लागला होता. कान्यार द ला तूर यांनी एका बंद तोफनळीत अल्कोहोल आणि गारगोटीचा गोळा घालून ती तापवली, आणि नळी हलवून ते कान देऊन ऐकत राहिले. द्रव असेपर्यंत गोळा त्यातून सरकताना एक आवाज येई; विशिष्ट तापमानाच्या पुढे तो आवाज बदलला, कारण आत द्रव आणि बाष्प अशा दोन वेगळ्या अवस्था उरल्याच नव्हत्या.

याचा पूर्ण अर्थ बेलफास्टच्या टॉमस अँड्र्यूज यांनी 1869 साली मांडला. त्यांनी अरुंद काचनळीत कार्बन डायऑक्साइड पाऱ्याने दाबला आणि तापमान बदलत निरीक्षणे घेतली. 31 अंश सेल्सिअसच्या खाली द्रवाचा स्पष्ट पृष्ठभाग दिसत होता. तापमान जसजसे 31 अंशांच्या जवळ आले तसतसा तो पृष्ठभाग सपाट आणि पुसट होत गेला, आणि शेवटी नळीत लवलवणाऱ्या रेषांखेरीज काही दिसेनासे झाले. त्या तापमानाच्या वर तीनशे-चारशे वातावरणांचा दाब देऊनही द्रव वेगळा झाला नाही. या सीमेला त्यांनी दिलेले नाव आपण आज 'क्रांतिक तापमान' असे वापरतो. त्याच्या वर रेणूंची गतिज ऊर्जा त्यांच्या परस्पर आकर्षणाला जुमानत नाही. दाबामुळे रेणू कितीही जवळ आले तरी त्यांचा एक दाट आणि एक विरळ असा भाग वेगळा होत नाही, आणि असा वेगळा भाग झाल्याखेरीज आपण त्याला द्रव म्हणत नाही.

म्हणजे 20 अंशांना कार्बन डायऑक्साइड सुमारे 57 वातावरणांच्या दाबाखाली द्रव होतो, म्हणून तो 'कोअर्सिबल'. पण 35 अंशांना तोच वायू, त्याच नळीत, 'इनकोअर्सिबल'. जे विशेषण वायूचा अंगभूत गुण सांगते असे मानले जात होते, ते खरे तर वायू आणि प्रयोगाच्या जागेचे तापमान यांचे नाते सांगत होते. ऑक्सिजनचे क्रांतिक तापमान उणे 118 अंशांच्या आसपास आहे, तेव्हा नॅटरर यांच्या पंपाला यश येणे शक्यच नव्हते. डिसेंबर 1877 मध्ये कायते आणि पिक्ते यांनी स्वतंत्रपणे ऑक्सिजन द्रवरूप केल्याचे जाहीर केले. कायते यांना मात्र क्षणभर टिकणारे धुकेच दिसले होते. नळीत स्थिर राहिलेला द्रव ऑक्सिजन 1883 साली क्राकोव्ह येथे व्रुब्लेव्स्की आणि ओल्शेव्स्की यांनी मिळवला. 1898 मध्ये ड्यूअर यांनी हायड्रोजन आणि 1908 मध्ये लायडन येथे कामर्लिंग ओनेस यांनी हेलियम द्रवरूप केला, आणि 'इनकोअर्सिबल' म्हणण्यासारखा वायूच उरला नाही.

त्यामुळे जुन्या ग्रंथात हे विशेषण आढळल्यास प्रथम ग्रंथाचे साल पाहावे. 1869 च्या आधीचा लेखक 'कोअर्सिबल' म्हणतो तेव्हा त्याला 'आजवर द्रव करता आलेला' इतकेच म्हणायचे असते. अठराव्या शतकातील लेखनात तर 'इनकोअर्सिबल' हे उष्णता, प्रकाश आणि वीज यांनाही लावलेले दिसेल. तेथे पात्रात कोंडता न येणारे, हा आधीचाच अर्थ घ्यायचा असतो. आज नवीन लेखन करताना मात्र हा शब्द वापरू नये असे माझे मत आहे, कारण 'क्रांतिक तापमान इतके अंश' हे अधिक अचूक आहे.

शब्द मागे पडला तरी भेद कामाचा आहे. धोकादायक मालाच्या वाहतुकीसाठीच्या संयुक्त राष्ट्रांच्या वर्गवारीत क्रांतिक तापमान उणे 50 अंश किंवा त्याहून कमी असलेले वायू नुसते 'दाबलेले' मानले जातात, आणि त्यावरचे वायू दाबाखाली 'द्रवीभूत' मानले जातात. ऑक्सिजनचा सिलिंडर वापरत गेलो की दाबमापकाचा काटा सारखा खाली येतो, म्हणून शिल्लक किती हे काट्यावरून कळते. नायट्रस ऑक्साइडचे क्रांतिक तापमान सुमारे 36 अंश असल्यामुळे सामान्य तापमानाला त्याच्या सिलिंडरमध्ये द्रव असतो. जोवर तो द्रव उरलेला आहे आणि सिलिंडर फारसा थंड होत नाही, तोवर काटा जवळजवळ एकाच जागी राहतो आणि द्रव संपल्यावर भराभर घसरतो. म्हणून त्यात किती वायू उरला आहे हे सिलिंडरचे वजन करूनच ठरवावे लागते.