आईच्या आईची आई

नमस्कार श्रोतेहो. ऐकता ऐकता एक करून पाहा. आधी आईचं नाव घ्या, मग तिच्या आईचं, मग तिच्याही आईचं. तिसऱ्या नावाला बहुतेकांची जीभ अडखळते. माझीही अडखळली होती. वंशावळी लिहिल्या गेल्या त्या बहुतेक बापाकडून लेकाकडे. आयांची नावं त्यात आलीच नाहीत.

शरीर मात्र ही ओळ सोडत नाही. पेशीला ऊर्जा पुरवणारे मायटोकॉन्ड्रिया नावाचे बारीक भाग पेशीत असतात; त्यांचा स्वतःचा इवलासा डीएनए असतो, आणि तो आईकडून येतो. मुलग्यालाही तो मिळतो, पण पुढच्या पिढीला देते ती मुलगी. शिवाय मुलगी पोटात असतानाच तिची बीजांडं आकार घेऊ लागतात. म्हणजे ज्या बीजातून तुम्ही झालात, त्याची सुरुवात तुमची आई आजीच्या पोटात होती तेव्हाच झाली! हे मला पहिल्यांदा कळलं, तेव्हा मी कितीतरी वेळ गप्प बसून होते.

अर्जेंटिनात १९७६ ते १९८३ या लष्करी राजवटीत अनेक तरुण स्त्रिया बेपत्ता झाल्या, त्यांची तान्ही बाळं परक्या घरांत दिली गेली. आज्या शोधायला निघाल्या. पण मधली पिढीच नाहीशी झालेली; नातं सिद्ध कसं करायचं? मेरी-क्लेअर किंग या शास्त्रज्ञ मदतीला आल्या, आणि आईकडून येणारा हाच डीएनए आजी-नातवंडांमधला पुरावा ठरला. आजवर १३०हून अधिक नातवंडांची ओळख पटली आहे.

पण पणजी हसायची कशी, कशाला घाबरायची, हे रक्त सांगत नाही. ते विचारावंच लागतं. आणि “तुझ्याबद्दल सांग” म्हटलं, तर आई म्हणते, “माझं काय सांगण्यासारखं?” म्हणून वस्तू पुढे ठेवा. जुना फोटो ठेवा. तिचं बोलणं मोबाइलवर रेकॉर्ड करा, मधे तोडू नका. ती गप्प झाली, तरी थोडं थांबा. खरं ते बहुधा त्या थांबण्यानंतर येतं.

मी असाच एक फोटो आईपुढे ठेवला. कडेला उभ्या बाईवर बोट ठेवून म्हणाली, “ही माझी आजी.” नाव लिहायला मी फोटो उलटा केला, तर तिनं माझ्या हातातली पेन्सिल घेतली. स्वतःच्या अक्षरात, सावकाश नाव लिहिलं. मग म्हणाली, “हिला अंधाराची फार भीती वाटायची गं. मला जवळ घेऊन झोपायची.”