वेबर: तालमीतला हुकूमशहा

१८०४ साल. ब्रेस्लाउच्या, म्हणजे आजच्या पोलंडमधल्या व्रोत्सवाफच्या नाट्यगृहात नवा संगीतप्रमुख रुजू झाला. वय सतरा. किंचित लंगडत चालणारा हा पोरगा, म्हणजे पुढे जर्मन ऑपेराचा, तिकडच्या संगीत नाटकाचा, मोठा संगीतकार ठरलेला कार्ल मारिया फॉन वेबर, आल्या आल्या वादकांच्या बसायच्या जागाच बदलू लागला. थकलेल्या गायकांना त्याने घरी बसवलं. ज्येष्ठांना हे रुचणार कसं?

नाटकाचा धंदा मात्र त्याला नवा नव्हता. वडिलांची फिरती नाटकमंडळी होती. बालपण बिऱ्हाड पाठीवर घेऊन विंगेतच गेलेलं. नावातला 'फॉन' वडिलांनी स्वतःच चिकटवलेला. सरदारकी कुणी दिली नव्हती! याच वडिलांनी दारूच्या बाटलीत ठेवलेलं नायट्रिक ॲसिड १८०६ मध्ये वेबर चुकून प्यायला. जीव वाचला, पण गाता गळा गेला.

पुढे स्टुटगार्टला दरबारी नोकरी, आणि १८१० मध्ये अटक होऊन हद्दपारी.

१८१३ मध्ये प्रागचा ऑपेरा हाती आला आणि वेबरचा खरा स्वभाव दिसला. तालमींचं वेळापत्रक, नेपथ्य, गायकांची निवड, सगळ्यावर त्याची नजर. वादक आपसात चेकमध्ये काय कुजबुजतात ते कळावं म्हणून पठ्ठ्या चेक शिकला. गाण्याइतकंच नाट्यही नेमकं हवं आणि त्या सगळ्याची जबाबदारी एकाच माणसावर हवी, हा त्याचा हट्ट. त्या काळी हा हट्ट आगाऊपणाच वाटायचा.

१८१७, ड्रेस्डेन. राजाला हवा होता जर्मन ऑपेरा, पण दरबाराचा लाडका होता इटालियन ऑपेरा आणि त्याचा प्रमुख मोर्लाक्की. वेबरला आधी पद मिळालं ते खालचं. त्याने ऐकून घेतलं नाही. मोर्लाक्कीच्या बरोबरीचं 'कापेलमाइस्टर', म्हणजे दरबारी संगीतप्रमुखाचं, पद मागून घेतलं.

(संगीत: 'डेर फ्राइशुट्झ', लांडग्यांची दरी)

१८ जून १८२१, बर्लिन. त्या सकाळी वेबरने पियानो आणि वाद्यवृंदासाठीची एक रचना पुरी केली, आणि संध्याकाळी त्याच्या 'फ्राइशुट्झ' या ऑपेराचा पहिला प्रयोग! महिनाभरापूर्वी याच शहराने इटालियन संगीतकार स्पोंतिनीचा भपकेबाज ऑपेरा 'ऑलिंपी' हत्तीसकट पाहिला होता. वेबरकडे होतं एक जंगल आणि मंतरलेल्या सात गोळ्या. सहा नेम चुकत नाहीत, सातवी सैतानाच्या मर्जीची. मध्यरात्री गोळ्या ओतताना शिकारी कास्पर आकडे मोजतो, प्रतिध्वनी ते परत म्हणतो. सैतान सामिएल गात नाही, नुसता बोलतो. त्याची चाहूल लागते ती क्लॅरिनेटच्या खर्जातल्या सुरांनी, थरथरत्या तंतुवाद्यांनी आणि आडमात्रेवर पडणाऱ्या टिंपनीच्या, म्हणजे मोठ्या नगाऱ्यांच्या, ठोक्यांनी. कुठलं वाद्य कुठल्या सप्तकात अंगावर काटा आणतं, हे वेबर वर्षानुवर्षांच्या तालमींत शिकला होता. वाद्यवृंद चालवणं ही त्याची पोटापाण्याची नोकरी होती, असं मला तरी म्हणवत नाही. तीच त्याची प्रयोगशाळा होती.

१८२३ मध्ये व्हिएन्नात त्याचा 'ऑयरिआन्थे' हा ऑपेरा आला. संगीत अव्वल, कथानक लंगडं.

तोवर क्षयाने शरीर पोखरलं होतं. बायकोमुलांसाठी पैसा मागे ठेवायचा म्हणून लंडनचं काम घेतलं आणि त्यासाठी इंग्रजीही शिकला. १२ एप्रिल १८२६ ला लंडनच्या कॉव्हेंट गार्डन नाट्यगृहात 'ओबेरॉन' या ऑपेराचा पहिला प्रयोग त्याने स्वतः चालवला. पाच जूनच्या पहाटे यजमान जॉर्ज स्मार्ट यांच्या घरी तो मृतावस्थेत सापडला. वय ३९.

१८४४ मध्ये त्याची शवपेटी ड्रेस्डेनला आणण्यात पुढाकार होता संगीतकार रिचर्ड वाग्नरचा. वेबरने भांडून मिळवलेलं कापेलमाइस्टरचं पद तेव्हा वाग्नरकडे होतं.