तिकीटबारीवरचे पहिले तीन दिवस

अध्यक्षमहाशय आणि श्रोतेहो, माटुंग्याच्या अरोरा चित्रपटगृहात तमिळ चित्रपट पाहिलेली मंडळी या सभागृहात बरीच असणार, त्यामुळे पहिल्या दिवशीच्या पहिल्या खेळाचे मोल मी नव्याने सांगत नाही. पायरसीची चर्चा आपण नेहमी नट आणि निर्मात्याच्या बाजूने करतो. घाव मात्र जिल्ह्याजिल्ह्यातील वितरकावर आणि चित्रपटगृहचालकावर बसतो. तमिळनाडूत चित्रपटाचे हक्क चेंगलपट्टू, कोइमतूर, मदुराई–रामनाड अशा क्षेत्रांनुसार विकले जातात, आणि 'मिनिमम गॅरंटी'वर हक्क घेणारा वितरक चित्रपट चालो वा न चालो, ठरलेली रक्कम आधीच मोजून बसलेला असतो. ती वसूल होण्याची खरी आशा पहिल्या तीन-चार दिवसांतच असते.

सुमारे दहा वर्षांपूर्वी मी चेन्नईच्या कोयंबेडू स्थानकावरून रात्रीच्या खासगी बसने मदुराईला निघालो होतो. तांबरम मागे पडताच मदतनिसाने पेन ड्राइव्ह लावला आणि आदल्याच दिवशी प्रदर्शित झालेला चित्रपट सुरू झाला. चौकट तिरकी होती, नायक येताच चित्रपटगृहातल्या शिट्ट्या ऐकू येत होत्या, आणि मध्येच कोणीतरी कॅमेऱ्यासमोरून गेला तेव्हा त्याच्या डोक्याने नायिकेचा चेहराच झाकला. सगळी बस हसली, मीही हसलो. शेजारचे वृद्ध गृहस्थ मात्र हसले नाहीत. तेनी जिल्ह्यात त्यांचे एकपडदा चित्रपटगृह होते आणि हाच चित्रपट तिथे लागलेला होता. त्यांनी मान वळवून प्रवासी मोजले आणि हळूच म्हणाले, "छत्तीस तिकिटे." पुढे बराच वेळ ते बोलत राहिले. पूर्वी चेन्नईच्या बर्मा बाजारातली 'तिरुट्टू', म्हणजे चोरटी, व्हीसीडी त्यांच्या गावी पोहोचेपर्यंत दोन-चार दिवस जात आणि तेवढ्यात त्यांची कमाई होऊन जाई. आता तीच चोरटी प्रत संध्याकाळपर्यंत गावातल्या मोबाइलच्या दुकानात मेमरी कार्डावर भरून मिळत होती. चोरी जुनीच होती, पण तिने त्यांच्या हातचे ते दोन-चार दिवस काढून घेतले होते.

अध्यक्षांची चिठ्ठी आली आहे, म्हणून ज्या कायद्याविषयी बोलायला आलो तो आता थोडक्यात सांगतो. तमिळनाडूने २००४ मध्ये चित्रफितींची चोरी करणाऱ्यांना गुंडाविरोधी कायद्याखाली आणले. २०१२ मध्ये चोरट्या प्रती रोखण्याच्या मद्रास उच्च न्यायालयाच्या आदेशाच्या आधारे इंटरनेट सेवादात्यांनी संपूर्ण संकेतस्थळेच बंद केली, तेव्हा फक्त चोरटी प्रत असलेले नेमके पत्तेच रोखावेत, असा खुलासा न्यायालयाला करावा लागला. २०१८ मध्ये '२.०' हा चित्रपट प्रदर्शित होण्याआधी त्याच न्यायालयाने १२ हजारांहून अधिक संकेतस्थळे रोखण्यास सांगितले. तरीही प्रदर्शनाच्याच दिवशी चित्रपट तमिळरॉकर्स या चोरट्या संकेतस्थळावर होता, कारण एक पत्ता बंद झाला की ही मंडळी दुसरा उघडत. चलचित्र कायद्यातील २०२३ च्या केंद्रीय दुरुस्तीने अशा चोरीसाठी किमान तीन महिने ते तीन वर्षे कैद आणि निर्मितिखर्चाच्या पाच टक्क्यांपर्यंत दंड ठेवला आहे.

चोरी सुरू होते ती चित्रपटगृहातल्या खुर्चीवरून. डिजिटल प्रतीतल्या अदृश्य खुणेवरून चित्रपटगृह आणि खेळाची वेळ कळू शकते, पण कॅमेरा प्रेक्षकाने धरला की कर्मचाऱ्याने, हे त्या खुणेला सांगता येत नाही, आणि संशय मात्र त्या तेनीच्या गृहस्थांसारख्या मालकावर येतो. म्हणून त्या खुणेचा अहवाल आठवड्यांनी नव्हे, त्याच दिवशी पोलिसांच्या हाती पडायला हवा. ती व्यवस्था कशी उभी करावी, हे प्रश्नोत्तरांत मांडतो.