हजेरी भरली, पुढं काय?

श्रोतेहो, नमस्कार.

कोल्हापुरात लेबर कोर्टाच्या व्हरांड्यात उभं राहिलं की एक वाक्य हमखास कानावर पडतं. "वकीलसाहेब, माझं दोनशे चाळीस भरल्यात. आता कायम करायलाच पाहिजे न्हवं?"

विचारणारा कधी रोपवाटिकेतला मजूर असतो, कधी पाणीपुरवठ्याचा, कधी रस्त्यावर खडी पसरणारा. आणि मला दर वेळी सांगावं लागतं, की दादा, हे निम्मंच खरं आहे.

वर्षात २४० दिवस भरले की साहेबाला वाटलं म्हणून उद्यापासून येऊ नको म्हणता येत नाही. नोटीस लागते, भरपाई लागते. हे संरक्षण आधी औद्योगिक विवाद कायद्यानं दिलेलं, नोव्हेंबर २०२५ पासून ते औद्योगिक संबंध संहितेत आहे. पण सरकारी खात्यात कायम होणं ही वेगळी गोष्ट. १० एप्रिल २००६ ला सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींनी उमादेवी खटल्यात सांगून टाकलं, की मागच्या दारानं आलेल्याला निव्वळ बरीच वर्षं काम केलं म्हणून कायम करता येणार नाही. एक फट मात्र ठेवली. मंजूर पद आहे, माणूस पात्र आहे, कोर्टाच्या आदेशाच्या आधाराशिवाय १० वर्षं काम झालंय, अशांचा एकदाच विचार करा.

गंमत बघा, निकालातली ही फट मजुरांना क्वचितच कुणी सांगितली. खात्यांच्या जबाबात मात्र उमादेवीचं नाव पहिल्याच पानावर असतं.

आपल्या महाराष्ट्राकडं आणखी एक हत्यार आहे. १९७१ चा अनुचित कामगार प्रथांविरुद्धचा कायदा. वकील मंडळी 'यूएलपी टाकली' म्हणतात (यूएलपी म्हणजे अनफेअर लेबर प्रॅक्टिस, अनुचित कामगार प्रथा) ती यातलीच तक्रार. माणसाला कायमचे फायदे मिळू नयेत म्हणून वर्षानुवर्षं हंगामी ठेवणं ही या कायद्यानं अनुचित प्रथा ठरवली आहे. वन खात्याच्या रोजंदारांना याच तरतुदीवर १९९६ मध्ये सर्वोच्च न्यायालयात न्याय मिळाला. २००९ मध्ये एसटीच्या प्रकरणात त्याच न्यायालयानं म्हटलं, की उमादेवी निकालामुळं औद्योगिक न्यायालयाचा अशा मजुराला कायम करा असं सांगायचा अधिकार जात नाही. मात्र पदच नसेल तर ते कोर्ट निर्माण करणार नाही. ही तक्रार टाकायची मुदत ९० दिवसांची आहे. उशीर झाला तर सबळ कारण दाखवावं लागतं.

आता मुद्द्याचं. खटला अडतो तो कायद्यावर कमी, मस्टरवर, म्हणजे हजेरीच्या वहीवर जास्त. २४० दिवस भरले हे सिद्ध करायचं मजुरानं, आणि मस्टर राहतं खात्याच्या कपाटात! नुसत्या शपथपत्रानं भागत नाही. पिंजऱ्यात उभं राहून साक्ष द्यायची, मस्टर हजर करा असा अर्ज द्यायचा. अर्ज देऊनही खात्यानं ते आणलं नाही, तर कोर्ट त्याचा अर्थ खात्याच्या विरुद्ध काढू शकतं. हा अर्ज द्यायचाच राहिला म्हणून बुडालेल्या केसेस मी पाहिल्यात.

माझ्याकडं एक मावशी येतात, भुदरगडकडच्या. अठरा वर्षं एका सरकारी रोपवाटिकेत. मध्येमध्ये चार दिवसांचा ब्रेक, पुन्हा तीच खुरपी, तीच पिशव्या भरायची माती. मावशींना लिहिता येत नाही. पण डेअरीला घातलेल्या दुधाचा हिशेब कॅलेंडरवर मांडायची सवय. तशीच कामावर गेलेल्या दिवसाखाली एक रेघ. अठरा कॅलेंडरं साखरेच्या पोत्यात बांधून आणली. घरच्या कॅलेंडराला पुरावा म्हणून फार वजन नाही, हे मी त्यांना सांगितलं. पण त्यावरून कुठल्या महिन्याचं मस्टर मागायचं ते नेमकं कळलं. पगाराच्या पावत्या आणि बँकेच्या पासबुकातल्या नोंदी त्याच महिन्यांशी जुळल्या.

वरच्या कोर्टात जायचं तर पूर्वी महालक्ष्मी एक्स्प्रेसनं मुंबई. जायचा दिवस, यायचा दिवस, दोन हजेऱ्या गेल्या. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरातच मुंबई उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच, म्हणजे फिरतं खंडपीठ बसतं, सहा जिल्ह्यांसाठी. चार दशकांहून जास्त भांडून मिळालेलं. मावशींना आता एसटीचं तिकीट पुरतं.

मागच्या तारखेला खात्यानं लेखी दिलं, दोन वर्षांचं मस्टर वाळवीनं खाल्लं. मावशींना अर्थ सांगितला, तर म्हणाल्या, "वाळवी बी बघून खाती म्हणायची." पोतं उचललं आणि पुढची तारीख विचारून गेल्या.