हॉल तिकीट आलंच नाही

(दृश्य: कॉलेजचा नोटीस बोर्ड, त्यावर परीक्षेचं वेळापत्रक)

परीक्षा आठ दिवसांवर आलेली असते. दुसऱ्या कॉलेजातल्या मित्रांची हॉल तिकिटं आलेली असतात. इथे ऑफिसच्या खिडकीत मात्र रोज एकच उत्तर मिळतं, "उद्या या, सर विद्यापीठात गेलेत." शेवटी कुणाचा तरी मामा किंवा मोठा भाऊ थेट विद्यापीठ गाठतो आणि कळतं, की या मुलांची तिथे नावंच नाहीत. ना विद्यापीठाची पात्रता, ना पीआरएन म्हणजे कायम नोंदणी क्रमांक, ना परीक्षा फॉर्म. वर्षभर तास झाले, फी भरली, ओळखपत्र गळ्यात घालून फिरले, पण विद्यापीठाच्या दप्तरी हे कॉलेजच नाही.

संलग्नता नसताना प्रवेश दिल्याची प्रकरणं बहुतेक वेळा इथूनच कोर्टाची पायरी चढतात, तीही परीक्षेच्या तोंडावर.

कॉलेज शिकवतं, पण परीक्षा घेतं आणि पदवी देतं ते विद्यापीठ. या दोघांना बांधणारी गाठ म्हणजे संलग्नता. महाराष्ट्रात नवं कॉलेज काढायचं, तर विद्यापीठाच्या बृहत आराखड्यात, म्हणजे कुठे कॉलेज हवं हे ठरवणाऱ्या आराखड्यात, त्या गावाचं नाव असावं लागतं. मग सरकारचं इरादापत्र म्हणजे तत्त्वतः होकार, मग अंतिम परवानगी, आणि त्यानंतर विद्यापीठाची समिती येऊन वर्गखोल्या, प्रयोगशाळा, ग्रंथालय, शिक्षक पाहून जाते. पहिली संलग्नता हातात पडेपर्यंत एकाही विद्यार्थ्याला प्रवेश द्यायचा नाही, हे २०१६ च्या महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ कायद्यात लिहून ठेवलेलं आहे. आणि संलग्नता मिळते ती अभ्यासक्रमाला. बी.ए.ची आहे म्हणजे बी.एस्सी.चीही असेलच, असं धरून चालता येत नाही. कित्येक घरं नेमकी इथेच फसतात.

(दृश्य: जुन्या फायली, सर्वोच्च न्यायालयाची इमारत)

१९८६ सालचं एक प्रकरण मी पुन्हा पुन्हा वाचलं आहे. हैदराबादजवळच्या विकाराबादला एका संस्थेनं मेडिकल कॉलेज सुरू केलं. सरकारची परवानगी नव्हती, उस्मानिया विद्यापीठाची संलग्नताही नव्हती. तरी एम.बी.बी.एस.ला प्रवेश दिले गेले. विद्यापीठ वेळोवेळी जाहीर इशारे देत होतं, की इथे प्रवेश घेऊ नका. प्रकरण दिल्लीला सर्वोच्च न्यायालयात गेलं, तेव्हा विद्यार्थ्यांच्या वकिलांनी विनवणी केली, की संस्थाचालकांच्या चुकीची शिक्षा मुलांना नको, त्यांना परीक्षेला तरी बसू द्या.

न्यायालयानं नकार दिला. ज्या कायद्यानं विद्यापीठ जन्माला आलं, तोच मोडायला आम्ही विद्यापीठाला कसं सांगणार, असा न्यायमूर्तींचा सवाल होता. मुलांचे पैसे गेले, एक-दोन मोलाची वर्षं गेली, याची खंत निकालात आहे. पण इशारे असूनही प्रवेश घेतला, त्यामुळे ही वेळ त्यांनी स्वतःच ओढवून घेतली, असंही त्यात आहे.

हे वाक्य वाचताना मी दरवेळी अडखळतो. सतरा-अठरा वर्षांचं पोर आणि बारावीच्या निकालानंतर धावपळ करणारे आईवडील. त्यांच्यापर्यंत इशारा पोहोचला असेल की नाही? पण त्याच निकालात पुढे एक गोष्ट आहे, जी फारशी कुणी सांगत नाही. संस्थेची मालमत्ता मुलांच्याच पैशातून उभी राहिली आहे आणि ती गोठवलेली आहे, तेव्हा निदान पैशाच्या रूपानं तरी मुलांना भरपाई देण्याचा मार्ग सरकारनं शोधावा, असं न्यायालयानं म्हटलं होतं.

महाराष्ट्रात हाच प्रश्न डी.एड.च्या कॉलेजांवरून पेटला. १९९१ साली एका अध्यापक विद्यालयाच्या विद्यार्थ्यांचं प्रकरण सर्वोच्च न्यायालयासमोर आलं. अशी प्रकरणं वारंवार येतात, काही न्यायालयं दया येऊन हस्तक्षेप करतात, आणि त्यातून नुसती बेशिस्त माजते, असं न्यायालय तेव्हा म्हणालं. पुढच्याच वर्षी आणखी एक प्रकरण आलं. मान्यता नसलेल्या संस्थांतल्या भावी शिक्षकांना परीक्षेला बसू देण्याचा उच्च न्यायालयाचा आदेश सर्वोच्च न्यायालयानं रद्द केला. धड इमारत नाही, साधनं नाहीत, शिकवणारेही कच्चे, अशा ठिकाणी तयार झालेला शिक्षक पुढे वर्गात उभा राहणार होता, ही त्यामागची काळजी.

आता ही दया प्रत्यक्षात कशी चालते, ते पाहा. याचिकेत नावं असतात मुलांची. अंतरिम आदेश मिळतो: परीक्षेला बसू द्या, निकाल राखून ठेवा. मुलं पहिल्या वर्षाची परीक्षा देतात, दुसऱ्या वर्षाची फी भरतात. निकाल राखीवच. संस्थेला मात्र त्या आदेशाच्या जोरावर नवी तुकडी भरायला तोंड मिळतं. अंतिम निकाल विरोधात गेला, की एक वर्ष वाया जायचं तिथे तीन जातात. मुलांना ढाल करून पुढे ढकलण्याचा हा प्रकार मला सगळ्यात क्रूर वाटतो.

कधीकधी न्यायालयानं मुलांसाठी वाट काढलीही आहे. छत्तीसगडनं २००२ च्या कायद्याखाली खासगी विद्यापीठांची खिरापत वाटली. आकडा ११२ वर गेला, त्यातली कित्येक एकेका खोलीत चालत होती. फेब्रुवारी २००५ मध्ये सर्वोच्च न्यायालयात ती रद्द ठरली, पण मुलं उघड्यावर पडू नयेत म्हणून निकषांत बसणाऱ्या संस्थांना राज्यातल्या जुन्या विद्यापीठांशी जोडण्याची मुभा दिली गेली.

दोष दरवेळी संस्थेचाच असतो असंही नाही. प्रस्ताव वेळेत दिला, समिती येऊन गेली, पण पत्रच निघत नाही, अशी तक्रार करणारी प्रामाणिक कॉलेजंही आहेत. डिसेंबर २०१२ मध्ये ठाण्यातल्या एका इंजिनिअरिंग कॉलेजच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयानं तारखाच बांधून दिल्या: अखिल भारतीय तंत्रशिक्षण परिषदेची मान्यता १० एप्रिलपर्यंत, विद्यापीठाची संलग्नता १५ मेपर्यंत, वर्ग १ ऑगस्टला सुरू. म्हणजे मुलं प्रवेशाच्या रांगेत उभी राहण्याआधीच कागद तयार हवा.

(दृश्य: प्रवेशाची खिडकी, फाईल हातात घेतलेले वडील)

माहितीपत्रकावर "संलग्नता प्रस्तावित" किंवा "प्रक्रियेत" असं छापलेलं असेल, तर त्याचा अर्थ आज संलग्नता नाही. खिडकीत संलग्नतेचं पत्र मागा. त्यावर चार गोष्टी वाचा: कॉलेजचं नाव आणि पत्ता, अभ्यासक्रम, प्रवेशक्षमता, शैक्षणिक वर्ष. वर्ष चालू आहे का, ते नीट बघा. मागच्या वर्षीचं पत्र पुढे करणारे भेटतात. मग विद्यापीठाच्या यादीत तेच नाव शोधा. सापडलं, की शाळा सोडल्याचा मूळ दाखला त्या खिडकीतून आत सरकवा.