जुनी न्यूजरील खरी की घडवलेली? मार्क फेरोंची तपासणी

[पडद्यावर: बर्फातून धावत येऊन गळाभेट घेणारे सैनिक]

नमस्कार! न्यूजरील म्हणजे पूर्वी सिनेमागृहात दाखवली जाणारी बातम्यांची छोटी फिल्म. त्यातलं हे दृश्य नीट बघा. नोव्हेंबर १९४२, स्टालिनग्राडजवळ. दोन बाजूंनी आलेल्या सोव्हिएत फौजा भेटल्या आणि जर्मन सहावी आर्मी कोंडली गेली. वेढा खरा होता. ही गळाभेट मात्र नंतर कॅमेऱ्यासाठी पुन्हा करून घेतलेली आहे.

अशी दृश्यं कशी वाचायची, हे फ्रेंच प्रेक्षकांना टीव्हीवर वर्षानुवर्षं शिकवलं मार्क फेरो या इतिहासकाराने. जन्म १९२४, पॅरिस. १९४८ ते १९५६ अल्जेरियातल्या ओरान शहरात शाळामास्तर. अध्यापनाची मानाची स्पर्धापरीक्षा पुन्हा पुन्हा दिली, पण पदरी नापासच. नाव झालं ते १९१७च्या रशियन क्रांतीवरच्या संशोधनामुळे. आणि १९६४ मध्ये, पहिल्या महायुद्धाला पन्नास वर्षं झाली तेव्हा, माहितीपटाच्या कामानिमित्त जुन्या फिल्मचे डबे त्यांच्यासमोर उघडले. त्या काळी बहुतेक इतिहासकार फिल्मला पुरावा मानत नसत. फेरोंनी फिल्मला साक्षीदाराच्या पिंजऱ्यात उभं केलं, हे मला त्यांचं सगळ्यात मोठं काम वाटतं.

आता फेरोंची तपासणी. पहिला प्रश्न, कॅमेरा कुठे उभा आहे? एकच कृती समोरून, बाजूने, मग जवळून, आणि मध्ये खंड नाही. एकटा कॅमेरामन एका क्षणी तीन जागी असू शकत नाही. म्हणजे एक तर कॅमेरे जास्त होते, किंवा कृती पुन्हा करवून घेतली. अंतराचंही तसंच: लांबचं दृश्य क्षणात चेहऱ्याशी आलं, तर मधली वाट कोणी चालली?

मग उजेड आणि स्पष्टपणा. चकमकीत धूर असतो, माणसं आडवी येतात, चौकट हलते. सगळं स्वच्छ, मधोमध दिसत असेल तर शंका घ्या.

चौथी गोष्ट, दृश्याची तीव्रता. हातातल्या अनेक ३५ मिमी कॅमेऱ्यांत १०० फुटांचं रीळ बसायचं. सेकंदाला २४ फ्रेम या वेगाने ते सुमारे ६७ सेकंदांत संपतं. न कापलेल्या रिळात कंटाळवाणे क्षण असतातच: कोणीतरी नुसतं उभं आहे, कोणी कॅमेऱ्याकडे बघतंय. सलग मिनिटभर थरारच थरार असेल तर कात्री चाललेली आहे. शेवटी फिल्मचा दाणा, म्हणजे चित्रात दिसणारे बारीक ठिपके: एका शॉटमध्ये बारीक, लगेच पुढच्यात जाड आणि काळपट, म्हणजे तुकडा दुसऱ्या रिळातून किंवा प्रतीच्या प्रतीवरून आलेला.

इथे चूक कुठे होते? एकाच खुणेवर निकाल देण्यात. दाणा बदलला म्हणजे दृश्य खोटं असं नाही. कदाचित फक्त जोडलेलं असेल. आणि आवाजावर तर विसंबूच नका. आघाडीवरचं बहुतेक चित्रण मुकं असायचं. तोफा आणि निवेदन स्टुडिओत चढायचं.

[पडद्यावर: दोन चौकटी, शेजारी शेजारी]

हीच पद्धत फेरोंनी १९८९ मध्ये ‘इस्त्वार पारालेल’ म्हणजे ‘समांतर इतिहास’ या साप्ताहिक कार्यक्रमात आणली. आधी ला सेत ही फ्रेंच वाहिनी, १९९२ पासून आर्ते ही फ्रेंच-जर्मन वाहिनी. बरोबर पन्नास वर्षांपूर्वीच्या त्याच आठवड्याच्या न्यूजरील, परस्परविरोधी देशांच्या, आणि जोडीला चर्चा. फेब्रुवारी १९४३ घ्या: सोव्हिएत न्यूजरीलमध्ये स्टालिनग्राडला शरण आलेल्या जर्मन सैनिकांच्या लांबच लांब रांगा, जर्मन न्यूजरीलमध्ये ती शरणागती दिसतच नाही. एकच रीळ बघणाऱ्याला हे गाळणं कळणार कसं? २००१ पर्यंत सहाशेहून जास्त भाग झाले. २०२१ मध्ये फेरो गेले.

आपल्याकडे करून बघायचं असेल तर १९४३ ते १९४६ या काळात मुंबईत तयार झालेल्या ‘इंडियन न्यूज परेड’चा एखादा भाग मिळवा. पहिल्यांदा आवाज बंद करून बघा आणि प्रत्येक कटला कागदावर रेघ मारा. दुसऱ्यांदा फक्त निवेदन ऐका. मग त्या आठवड्याचं मराठी वर्तमानपत्र काढा आणि त्यातली कुठली बातमी रिळात नाही ते लिहून ठेवा.