चंद्राची होडी : मानीच्या पंथाची गोष्ट

[पडद्यावर : बिजेची कोर, मग रोज थोडाथोडा भरत जाणारा चंद्र]

बिजेची कोर वाढत जाते, पौर्णिमेला चंद्र पूर्ण होतो आणि दुसऱ्या रात्रीपासून झिजायला लागतो. असं का होतं? इसवी सनाच्या तिसऱ्या शतकात, आजच्या इराकमध्ये, मानी नावाच्या माणसानं याचं उत्तर दिलं होतं. चंद्र ही होडी आहे. पृथ्वीवरून सुटलेला प्रकाश आणि पुण्यवंतांचे आत्मे तिच्यात चढत राहतात. होडी भरली की तो प्रकाश सूर्याच्या होडीत उतरवला जातो आणि चंद्र पुन्हा रिकामा होत जातो.

खगोलशास्त्र म्हणून हे चूकच. पण हे उत्तर ज्या विचारातून आलं, तो उत्तर आफ्रिकेपासून चीनच्या समुद्रकिनाऱ्यापर्यंत पोचला आणि हजारावर वर्षं टिकला.

प्रकाश आणि अंधार म्हटलं की आपल्याला दोघांचा समतोल आठवतो. मानीला समतोल नको होता. तो म्हणायचा, सुरुवातीला प्रकाश आणि अंधार वेगवेगळे होते. अंधारानं हल्ला केला, प्रकाशाचा काही भाग गिळला आणि दोन्ही एकमेकांत मिसळले. आपण आज जगतो तो या मिश्रणाचा काळ. मिसळलेलं वेगळं करायचं, एवढ्यासाठीच हे जग, हे सूर्य-चंद्र, हे दिवस-रात्र उभे केले गेले.

[पडद्यावर : बोटांच्या चिमटीत मावेल असं चर्मपत्राचं जुनं पुस्तक]

हे पुस्तक जर्मनीतल्या कोलोन शहरात आहे. पान जेमतेम साडेचार सेंटिमीटर उंच आणि साडेतीन सेंटिमीटर रुंद. आख्खं पुस्तक काडेपेटीत मावेल. त्यात ग्रीक भाषेत मानीचं बालपण आहे. २१६ साली जन्मलेला हा मुलगा स्नानानं शुद्धी मानणाऱ्या एका पंथात वाढला. त्या लोकांची स्वतःची शेती होती. पुस्तक सांगतं, की खजुराचं झाड तोडायला आलेल्याशी झाड बोललं, आम्हाला इजा करू नकोस म्हणालं. भाजीवर विळा चालला तेव्हा ती माणसासारखी रडली आणि कापल्या जागेतून रक्त आलं.

मला या पंथात सगळ्यात जास्त भिडतं ते हेच. त्याच्यावर आरोप असा की तो जगाचा तिरस्कार शिकवतो. पण ज्याला पालेभाजीच्या देठातही अडकलेला, दुखणारा प्रकाश दिसतो, त्याला निव्वळ तिरस्कार करणारा कसं म्हणायचं?

मानी समुद्रमार्गे भारतातही येऊन गेला. भारतात बुद्ध, इराणात झरथुष्ट्र, पश्चिमेत येशू, हे सगळे आपले पूर्वसुरी आहेत असं तो मानायचा. मात्र त्यांची शिकवण मागाहून इतरांनी लिहिली, म्हणून यानं आपले ग्रंथ स्वतः लिहिले. एवढंच नाही, विश्वाची रचना समजावणारं चित्रांचं पुस्तकही तयार केलं. इतक्या ठरवून, आराखडा आखल्यासारखा धर्म घडवणारा माणूस त्या काळात दुसरा सापडणं कठीण.

[पडद्यावर : रंगीत हस्तलिखिताचा फाटका तुकडा. सोन्याचा मुलामा, पांढऱ्या वस्त्रांतली माणसं]

हा तुकडा चीनमधल्या तुर्फान भागातला, आता बर्लिनमध्ये आहे. उंच पांढऱ्या टोप्या घातलेले साधक ओळीनं बसलेत आणि मधे सोनेरी तिवईवर खरबुजं, द्राक्षं रचून ठेवलीत. ही नुसती सजावट नाही. काकडी-खरबुजासारख्या फळांत प्रकाश भरपूर असतो आणि निवडलेल्या साधकानं ते खाल्लं की त्याच्या पोटात तो प्रकाश अंधारापासून सुटतो, अशी ही श्रद्धा. म्हणजे त्यांचं जेवण हीच पूजा.

पण साधकानं काही तोडायचं नाही, कापायचं नाही, दळायचं नाही. मग जेवायचं काय? त्यासाठी दुसरा वर्ग होता, श्रोत्यांचा. ते संसार करत, शेती करत, रांधून आणून देत. भाकरी समोर आली की साधक तिला उद्देशून म्हणे, तुझं पीक मी कापलं नाही, तुला मी दळलं नाही, भट्टीत मी घातलं नाही. विरोधकांनी नोंदवलेली ही प्रार्थना ऐकताना मन त्या श्रोत्याकडेच जातं. पीक त्यानं कापलं होतं, आणि पापही त्याच्याच माथी. अन्नदानानं त्याला क्षमा मिळे, हे खरं. तरीही या सगळ्या डोलाऱ्याचं ओझं त्याच्याच पाठीवर होतं.

पुढे ख्रिस्ती संत झालेला ऑगस्टिन तरुणपणी नऊ वर्षं असाच एक श्रोता होता. अंजीर तोडलं की झाड चिकाचे अश्रू ढाळतं, यावर आपण विश्वास ठेवला, याची नंतर त्याला लाज वाटली.

राजांना हा पंथ फार काळ मानवला नाही. शापूर पहिला या इराणी बादशहानं मानीला आश्रय दिला. पण पुढे बहराम पहिल्याच्या काळात झरथुष्ट्री धर्माचा, म्हणजे आपल्याकडच्या पारशी समाजाच्या धर्माचा, प्रमुख आचार्य कर्तीर प्रबळ झाला. २७०च्या दशकात मानी बेड्यांतच तुरुंगात मेला. ३०२ साली रोमन सम्राट डायोक्लिशननं त्याच्या पंथाच्या म्होरक्यांना ग्रंथांसकट जाळायचा हुकूम काढला. मध्य आशियातल्या उइगुर या तुर्की लोकांच्या खानानं ७६३च्या सुमारास हा पंथ राजधर्म केला, तर ८४३ साली चीनच्या सम्राटानं त्याच्यावर घाला घातला.

[पडद्यावर : डोंगरउतारावरचं लहानसं दगडी देऊळ]

फूजियान प्रांतात, च्वानचौजवळ, हे त्साओ-आन. आतली मूर्ती १३३९ सालची. बसण्याची ढब बुद्धाची. पण दाढी आहे, केस सरळ खांद्यांवर उतरलेत आणि पाठीमागे दगडात किरण कोरलेत. हा मानी, ‘प्रकाशाचा बुद्ध’. आसपासचे लोक बुद्ध म्हणूनच त्याच्यापुढे उदबत्ती लावत आले. २०२१ साली च्वानचौच्या वारसास्थळांबरोबर युनेस्कोच्या यादीत या देवळाचंही नाव आलं.

१९७९ साली इथेच उत्खननात काळ्या झिलईचा एक वाडगा आणि कित्येक खापरं निघाली. त्यांच्यावर ‘प्रकाश-पंथाची मंडळी’ अशा अर्थाची चिनी अक्षरं आहेत. वाडगे १२७९ साली संपलेल्या सोंग राजवटीतले, म्हणजे ही मूर्ती घडवण्याच्या निदान साठ वर्षं आधी ही मंडळी इथे एकत्र जेवत होती.